घरचा कायदा आणि विद्यार्थ्यांची तळटीप

वाचकहो, महाविद्यालयाचे वार्षिक म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर एक ठरावीक चित्र उभे राहते. आरंभी प्राचार्यांचे मनोगत, मग निरनिराळ्या मंडळांचे अहवाल, क्रीडास्पर्धांची छायाचित्रे, काही कविता, एखादे प्रवासवर्णन आणि शेवटी परीक्षांचे निकाल. विद्यार्थी लिहितात, प्राध्यापक तपासतात आणि अंक छापखान्यात जातो. हा क्रम आपल्या इतका अंगवळणी पडला आहे की तो उलटाही असू शकेल, असे सहसा कोणाच्या मनात येत नाही. परंतु नियतकालिकांचा एक प्रकार असा आहे की तेथे प्राध्यापक लिहितात आणि विद्यार्थी तपासतात! नामवंत विद्वानांचा लेख घ्यायचा की साभार परत करायचा, हे तेथे तेवीस-चोवीस वर्षांचे तरुण-तरुणी ठरवतात. लेखातील एखादे विधान आधारावाचून केलेले आढळले, तर ते नम्रपणे परंतु निश्चयाने लेखकाकडे आधार मागतात. ही नियतकालिके कायद्याच्या महाविद्यालयांत निघतात आणि त्यांतील काही केवळ कौटुंबिक कायद्याला, म्हणजे विवाह, घटस्फोट, पोटगी, मुलांचा ताबा, दत्तक आणि वारसा या विषयांना वाहिलेली असतात.

ही हकीकत आपल्या स्मरणिकेत कशासाठी, असा प्रश्न आपण विचाराल. त्याचे उत्तर साधे आहे. फौजदारी कोर्टाची पायरी आयुष्यात कधीच न चढलेली माणसे पुष्कळ असतात, पण निकाह, मेहर, वारसा आणि मुलांचे पालनपोषण या गोष्टी ज्या घरात आल्या नाहीत, असे घर सापडणार नाही. कौटुंबिक कायदा हा खऱ्या अर्थाने घरचा कायदा आहे. आणि दुर्दैव असे की, ज्या कायद्यावर सर्वांत अधिक बोलले जाते, तोच सर्वांत कमी वाचला जातो. चहाच्या दुकानापासून विधिमंडळापर्यंत प्रत्येकाचे त्यावर मत असते. मूळ निकाल किंवा मूळ ग्रंथ उघडून पाहणारे मात्र विरळा. ही उणीव विद्यार्थी कशी भरून काढू शकतात, ते या इतिहासातून आपल्याला समजेल.

आरंभ कसा झाला?

१८७० साली ख्रिस्तोफर कोलंबस लँगडेल हे अमेरिकेतील हार्वर्ड विद्यापीठाच्या कायदा विद्यालयाचे प्रमुख झाले. तोपर्यंत कायद्याचे शिक्षण म्हणजे पाठ्यपुस्तक पाठ करणे आणि व्याख्याने ऐकणे असे समीकरण होते. लँगडेल यांनी ही रीत मोडली. १८७१ मध्ये त्यांनी करारांच्या कायद्यावरील निकालांचे एक संकलन प्रसिद्ध केले आणि तेच विद्यार्थ्यांच्या हाती दिले. न्यायाधीशाने काय म्हटले ते गुरुजी सांगणार नाहीत, विद्यार्थ्याने स्वतः निकाल वाचावा, त्यातील तत्त्व स्वतः शोधून काढावे आणि वर्गात प्रश्नांना उत्तरे द्यावीत, अशी ही पद्धती होती. मूळ वाचायची सवय लागलेला विद्यार्थी पुढे लिहू लागला, यात नवल ते काय?

न्यू यॉर्क राज्यातील ऑल्बनी येथे विद्यार्थ्यांनी १८७५ मध्ये असे एक नियतकालिक काढले. ते वर्षभरच टिकले. १८८५ मध्ये कोलंबिया विद्यापीठात दुसरा प्रयत्न झाला, तोही अल्पजीवी ठरला. मात्र एप्रिल १८८७ मध्ये निघालेले ‘हार्वर्ड लॉ रिव्ह्यू’ तगले आणि आजही चालू आहे. त्याच्या प्रारंभीच्या दिवसांत आर्थिक पाठबळ उभे करण्यात लुई ब्रँडाइस या तरुण वकिलाचा मोठा वाटा होता. ब्रँडाइस हे त्याच विद्यालयाचे माजी विद्यार्थी. पुढे १९१६ मध्ये ते अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले. माजी विद्यार्थ्यांनी आपल्या संस्थेला काय द्यावे, याचे हे एक उदाहरणच म्हणता येईल.

ह्याच नियतकालिकात डिसेंबर १८९० मध्ये ब्रँडाइस आणि त्यांचे सहकारी सॅम्युअल वॉरन यांनी खाजगीपणाच्या हक्कावर एक लेख लिहिला. माणसाला आपल्या घरात, आपल्या खाजगी आयुष्यात निवांत राहण्याचा हक्क कायद्याने मानला पाहिजे, असे त्यात प्रतिपादन होते. लेख विद्यार्थ्यांनी छापला, ग्रंथालयांत पोहोचला आणि पिढ्यान्‌पिढ्या वाचला गेला. २४ ऑगस्ट २०१७ रोजी भारताच्या सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांच्या पीठाने पुट्टस्वामी प्रकरणात खाजगीपणा हा मूलभूत हक्क आहे असा निर्णय दिला, तेव्हा त्या निकालातही ह्या लेखाची चर्चा झाली. विद्यार्थ्यांच्या नियतकालिकात छापलेले पान सव्वाशे वर्षांनी दुसऱ्या खंडातील देशाच्या उपयोगी पडले!

काम चालते कसे?

विद्यार्थी-नियतकालिकाचे काम वरून दिसते तितके डौलदार नसते. पहिल्या वर्षाच्या परीक्षेतील गुण आणि एक लेखनपरीक्षा यांवरून साधारणपणे दुसऱ्या वर्षाचे विद्यार्थी निवडले जातात. तिसऱ्या वर्षाचे विद्यार्थी संपादक असतात. बाहेरून आलेला लेख स्वीकारला, की त्याच्या तळटिपा कनिष्ठ विद्यार्थ्यांत वाटून दिल्या जातात. मग प्रत्येकाने ग्रंथालयात जायचे, नमूद केलेला खंड काढायचा, पृष्ठ उघडायचे आणि लेखकाने जे म्हटले आहे ते खरोखरच तेथे आहे काय, ते पाहायचे. निकालाचे वर्ष बरोबर आहे काय? उद्‌धृत केलेले वाक्य न्यायालयाचे आहे, की वकिलाच्या युक्तिवादातले? पुढे वरिष्ठ न्यायालयाने हा निकाल फिरवला तर नाही ना? एकेका लेखाला शंभर-दोनशे तळटिपा असतात. हे काम कंटाळवाणे खरे, पण कायदा हाडीमासी खिळतो तो येथेच. आधार कसे नमूद करावेत याचे नियम एकसारखे असावेत म्हणून १९२६ मध्ये हार्वर्डच्या विद्यार्थ्यांनी एक छोटी पुस्तिका तयार केली. पुढे ती ‘ब्लूबुक’ या नावाने साऱ्या अमेरिकेत प्रमाण मानली गेली.

ह्या शिस्तीतून कोण घडले, ते पाहा. १९५६ मध्ये हार्वर्डच्या कायदा विद्यालयात पाचशेहून अधिक विद्यार्थ्यांच्या वर्गात अवघ्या नऊ स्त्रिया होत्या. त्यांतील एक, रूथ बेडर गिन्सबर्ग, ह्या त्या वेळी एका लहान मुलीच्या आई होत्या. पतीला कर्करोग झाला, तेव्हा घर, मूल, आजारपण आणि अभ्यास ही सर्व ओझी त्यांनी पेलली आणि तरीही त्या नियतकालिकाच्या संपादक मंडळात होत्या. पुढे त्या कोलंबियाला गेल्या आणि तेथील नियतकालिकातही त्यांनी काम केले. १९५९ मध्ये पदवी मिळाल्यावर स्त्री म्हणून त्यांना नोकरीची दारे बंद आढळली. परंतु १९७१ मध्ये मृत मुलाच्या मालमत्तेची व्यवस्था पाहण्यात आईपेक्षा बापाला अग्रक्रम देणारा आयडाहो राज्याचा कायदा अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने रद्द केला, तो ज्या लेखी युक्तिवादावर, तो प्रामुख्याने गिन्सबर्ग यांनी तयार केलेला होता. १९९३ मध्ये त्या त्याच न्यायालयाच्या न्यायाधीश झाल्या. मुलीला वकिली शिकवून काय करायचे आहे, असे म्हणणाऱ्या पालकांनी ह्या हकीकतीचा जरूर विचार करावा.

लुइव्हिलचे नियतकालिक

ब्रँडाइस यांचा जन्म १८५६ मध्ये केंटकी राज्यातील लुइव्हिल शहरी झाला. १९४१ मध्ये त्यांचे निधन झाले, तेव्हा त्यांच्या अस्थी लुइव्हिल विद्यापीठाच्या कायदा विद्यालयाच्या द्वारमंडपाखाली ठेवण्यात आल्या. ह्याच विद्यालयाच्या विद्यार्थ्यांनी १९६१ मध्ये ‘जर्नल ऑफ फॅमिली लॉ’ हे नियतकालिक सुरू केले. अमेरिकेत केवळ कौटुंबिक कायद्याला वाहिलेल्या नियतकालिकांत ते अगदी आरंभीचे होय. अमेरिकन वकिलांच्या राष्ट्रीय संघटनेने ह्या विषयावरील आपले त्रैमासिक काढले ते १९६७ मध्ये, म्हणजे विद्यार्थ्यांच्या सहा वर्षांनंतर.

ह्या घटनेचे महत्त्व ध्यानात घेतले पाहिजे. मोठमोठ्या कंपन्यांचे, करांचे आणि राज्यघटनेचे प्रश्न म्हणजे खरा कायदा. नवराबायकोची भांडणे आणि पोरांचा ताबा ही किरकोळ कामे, अशी वकीलवर्गाची समजूत जुनी आहे आणि ती आपल्याकडेही आहे. ह्या ‘किरकोळ’ विषयाला स्वतंत्र नियतकालिक देण्याचे धाडस विद्यार्थ्यांनी केले. काळानेही त्यांची बाजू खरी ठरवली. १९६७ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने भिन्नवंशीयांच्या विवाहावरील बंदी रद्द केली. त्याच वर्षी, बालन्यायालयात उभ्या केलेल्या मुलालाही वकिलाचा हक्क आहे, असा निकाल झाला. १९६९ मध्ये कॅलिफोर्नियाने, कोणाचाही दोष सिद्ध न करता घटस्फोट मिळण्याची तरतूद केली आणि १ जानेवारी १९७० पासून ती अमलात आली. दहा वर्षांत घराचा सारा कायदा ढवळून निघाला. ह्या बदलांचे बरेवाईट परिणाम तपासायला एक जागा आधीच तयार होती.

१९८० च्या दशकात ह्याच नियतकालिकात निरनिराळ्या देशांतील कौटुंबिक कायद्याचा वार्षिक आढावा प्रसिद्ध होऊ लागला. पुढे विसाव्या शतकाच्या अखेरीस नियतकालिकाचे नाव बदलले, क्षेत्र विस्तारले आणि ते सर्वसाधारण कायद्याचे झाले. पण विद्यार्थ्यांनी ज्या विषयाला प्रतिष्ठा मिळवून दिली, त्याची प्रतिष्ठा कायम राहिली.

आपल्या घरचा एक दाखला

आता आपल्याकडे वळू. तळटीप तपासण्याचे हे काम आपल्या कुटुंबाशी किती निगडित आहे, हे एका उदाहरणावरून स्पष्ट होईल.

इंग्रजी अमदानीत मुसलमानांच्या कौटुंबिक खटल्यांचे निकाल देण्यासाठी न्यायाधीशांना ग्रंथ हवे होते. बाराव्या शतकातील इमाम मरगीनानी यांच्या ‘हिदाया’ या अरबी ग्रंथाचे चार्ल्स हॅमिल्टन यांनी केलेले इंग्रजी भाषांतर १७९१ मध्ये प्रसिद्ध झाले. हे भाषांतर मूळ अरबीवरून केलेले नव्हते. आधी ग्रंथाचे फार्सीत भाषांतर करवून घेण्यात आले आणि त्यावरून इंग्रजी सिद्ध झाले. म्हणजे भाषांतराचेही भाषांतर! आणि ह्या इंग्रजी पुस्तकाच्या आधारे कित्येक पिढ्या न्यायदान झाले. मूळ अरबी उघडून पाहू शकणारे न्यायासनावर थोडेच होते.

१९०५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयापुढे साराबाई विरुद्ध राबियाबाई हा खटला आला. एका दमात दिलेला कायमचा तलाक वैध काय, हा त्यातील प्रश्न होता. न्यायमूर्ती बॅचलर यांनी निकाल देताना, असा तलाक धर्मशास्त्राच्या दृष्टीने वाईट असला तरी कायद्याच्या दृष्टीने चांगलाच ठरतो, अशा आशयाचे विधान केले. असा तलाक देणे पाप आहे, पण दिला तर तो लागू होतो, असे बहुसंख्य हनफी फुकहांचे मत होते, हेही येथे प्रामाणिकपणे नोंदवले पाहिजे. तेव्हा त्या विधानाला आधार नव्हता असे नाही. परंतु पुढे झाले असे की, तो आधार, त्याच्या मर्यादा, इतर मजहबांची मते, कुरआनातील समेटाची आज्ञा हे सारे मागे पडले आणि ते एक सुटसुटीत वाक्य तेवढे निकालांतून पुढे चालत राहिले.

त्याची फळे कोणाच्या वाट्याला आली? प्रिव्ही कौन्सिलने १९३२ मध्ये निकालात काढलेला रशीद अहमद विरुद्ध अनीसा खातून हा खटला पाहा. पतीने १९०५ मध्ये पत्नीच्या गैरहजेरीत तीनदा तलाक उच्चारला होता. त्यानंतरही ती दोघे १९२० मध्ये पतीचा मृत्यू होईपर्यंत पंधरा वर्षे एकत्र राहिली आणि त्यांना पाच मुले झाली. पतीच्या मनात खरा तलाक देण्याचा हेतूच नव्हता, असा युक्तिवाद झाला. तो फेटाळला गेला. तलाक वैध ठरला, पाचही मुले अनौरस ठरली आणि वारसा गेला. वाचकहो, पुस्तकातील एक वाक्य पाच मुलांच्या भवितव्यावर कसे कोसळते, ते येथे दिसते.

ही साखळी उलगडायला दीर्घकाळ लागला. १९७० मध्ये केरळ उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी, मुसलमान पतीला मनमानी तलाकाचा अनिर्बंध अधिकार आहे ही समजूत इस्लामी कायद्याच्या मूळ आशयाला धरून नाही, असे दाखवून दिले. १९७८ मध्ये गौहाती उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती बहारुल इस्लाम यांनी जुने निकाल बाजूला ठेवून कुरआनातील आयती आणि विद्वानांची भाष्ये पुन्हा वाचली. तलाकाला योग्य कारण हवे आणि त्यापूर्वी दोन्ही बाजूंच्या मध्यस्थांकडून समेटाचा प्रयत्न झालेला हवा, असा निष्कर्ष त्यांनी काढला. मे २००२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद येथील पूर्ण पीठाने दगडू पठाण प्रकरणात, पोटगीच्या अर्जाला उत्तर देताना पतीने नुसते ‘मी तलाक दिला आहे’ असे लिहून भागत नाही, तो रीतसर दिल्याचे पुराव्याने सिद्ध करावे लागेल, असे ठरवले. त्याच वर्षी १ ऑक्टोबरला सर्वोच्च न्यायालयाने शमीम आरा प्रकरणात हेच तत्त्व साऱ्या देशाला लागू केले. तेथे पत्नीने १९७९ मध्ये पोटगी मागितली होती आणि पतीने १९९० मधील आपल्या कैफियतीत, १९८७ मध्येच तलाक दिला होता, असे कळवले होते!

शेवटी २२ ऑगस्ट २०१७ रोजी शायरा बानो प्रकरणात पाच न्यायाधीशांच्या पीठाने तीन विरुद्ध दोन मतांनी एका दमातील तिहेरी तलाक अवैध ठरवला. बहुमतातील न्यायमूर्ती कुरियन जोसेफ यांनी ११२ वर्षांपूर्वीच्या त्या मुंबईच्या वाक्यालाच उत्तर दिले. जे धर्मशास्त्राच्या दृष्टीने वाईट, ते कायद्याच्या दृष्टीनेही वाईटच, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता. सरन्यायाधीश खेहर आणि न्यायमूर्ती नझीर यांनी वेगळे मत दिले. व्यक्तिगत कायद्यातील बदल न्यायालयाने न करता विधिमंडळाने करावा, असे त्यांचे म्हणणे. २०१९ मध्ये संसदेने असा तलाक देणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैदेची शिक्षा ठरवणारा कायदा केला आणि त्यावर समाजात तीव्र मतभेद झाले. त्या वादात येथे शिरायचे नाही. आपल्याला एवढेच पाहायचे आहे की, ह्या प्रवासातील प्रत्येक निर्णायक पाऊल कोणीतरी मागचा आधार उघडून पाहिला म्हणून पडले. जे काम न्यायमूर्तींनी निकालपत्रात केले, तेच काम विद्यार्थी-नियतकालिकातला विद्यार्थी दर आठवड्याला ग्रंथालयात बसून करतो.

आक्षेप आणि उत्तर

ह्या प्रकारावर टीका झालेली नाही असे मात्र नाही. येल विद्यापीठाचे प्राध्यापक फ्रेड रोडेल यांनी १९३६ मध्ये एक सणसणीत लेख लिहून, ह्या नियतकालिकांचे लेखन रटाळ आणि निरुपयोगी असते, असा हल्ला चढवला. तोही लेख एका कायदा नियतकालिकातच छापून आला! अननुभवी विद्यार्थ्यांनी विद्वानांचे लेख निवडावेत काय, हा वाद अमेरिकेत अजून मिटलेला नाही. आक्षेपात तथ्य आहे. विद्यार्थ्याला जगाचा अनुभव थोडा असतो. पण आधार तपासायला पांढरे केस लागत नाहीत. चिकाटी लागते, डोळे लागतात आणि कोणाची भीड न धरण्याची वृत्ती लागते. ती त्या वयात जितकी असते तितकी पुढे राहत नाही.

दुसरा आक्षेप आपल्याकडचा. घरातल्या गोष्टी चव्हाट्यावर का आणाव्यात? हा प्रश्न रास्त आहे आणि त्याचे उत्तरही शिस्तीतच आहे. अशा नियतकालिकात शेजाऱ्याच्या घरची भांडणे छापायची नसतात. जे निकाल न्यायालयांनी प्रसिद्ध केले आहेत, जे कायदे राजपत्रात आले आहेत, जे ग्रंथ ग्रंथालयात आहेत, त्यांचीच चर्चा करायची असते. उलट, घरची गोष्ट घरातच शहाणपणाने मिटवायची असेल तर कायदा नेमका काय म्हणतो हे घरात एकाला तरी ठाऊक असलेले बरे. निकाहनाम्यावर सही करताना मेहरची रक्कम आणि अटी वाचणारी मुलगी पुढचे कित्येक तंटे टाळू शकते.

आपली परंपरा आणि आपले काम

ही विद्या आपल्याला परकी नाही. माथेरानला १८९९ मध्ये जन्मलेले असफ अली असगर फैझी हे १९३८ ते १९४७ या काळात मुंबईच्या शासकीय विधी महाविद्यालयाचे प्राचार्य होते. त्यांच्या आधी १९३५ ते १९३८ या काळात ह्याच पदावर डॉ. बाबासाहेब आंबेडकर होते. फैझी यांचा मुस्लिम कायद्यावरील ग्रंथ १९४९ मध्ये निघाला आणि तो अजूनही वकील व न्यायाधीश चाळतात. काझी नुमान यांच्या ‘दआइम अल-इस्लाम’ या दहाव्या शतकातील फातिमी कायदाग्रंथाचे मूळ अरबी त्यांनी संपादित केले. म्हणजे हस्तलिखिते जुळवणे, पाठभेद तपासणे, तळटिपा देणे हेच काम त्यांनी आयुष्यभर केले. आणि ज्या पुस्तकावरून भारतातील कोर्टे मुस्लिम कायदा पाहत आली, त्याचे कर्ते दिनशा फरदुनजी मुल्ला हे मुंबईचे पारशी गृहस्थ होते. विद्या कोणाच्या जातीची नसते; जो अभ्यास करील, तिची चावी त्याच्या हाती राहते. आपण केला नाही, तर आपल्या घरचा कायदा दुसऱ्याने लिहिला याबद्दल खंत करण्यात अर्थ नाही.

१९८० च्या दशकाच्या अखेरीस बंगलोरला नॅशनल लॉ स्कूल सुरू झाले आणि तेथील विद्यार्थ्यांनी ‘स्टुडंट ॲडव्होकेट’ हे नियतकालिक काढले. पुढे तेच ‘नॅशनल लॉ स्कूल ऑफ इंडिया रिव्ह्यू’ या नावाने प्रसिद्ध झाले. महाराष्ट्रातही २०१४ च्या कायद्यान्वये मुंबई, नागपूर आणि औरंगाबाद, म्हणजे आजचे छत्रपती संभाजीनगर, येथे अशी विधी विद्यापीठे स्थापन झाली. आपली मुले-मुली तेथवर पोहोचावीत ही इच्छा आहेच. परंतु पोहोचण्याआधीही आरंभ करता येतो.

विद्यार्थी मित्रांनो, तुमच्याजवळ एक भांडवल आहे, त्याची तुम्हांला कदाचित कल्पना नसेल. घरी तुम्ही उर्दू, दखनी किंवा कोकणी बोलता, शाळेत मराठी शिकता, महाविद्यालयात इंग्रजी वाचता आणि तुमच्यातील काहींना मदरशातील अरबीही येते. हॅमिल्टनच्या भाषांतरातील दोष शोधायला लागतात त्या सर्व भाषा एका वर्गात सापडतील! आणि आता साधनेही महाग राहिली नाहीत. सर्वोच्च न्यायालयाने २०२३ पासून आपले निकाल संगणकावर विनामूल्य खुले केले आहेत आणि त्यांतील कित्येकांची मराठी भाषांतरेही उपलब्ध आहेत.

तेव्हा पाच-सहा जणांनी एकत्र या. वर्षातून एकच अंक काढा, हाताने लिहिला तरी चालेल. प्रत्येकाने एकच निकाल घ्यावा. १९८५ चा शाहबानो निकाल घ्या, २००१ चा दानियल लतीफी घ्या, किंवा घटस्फोटित मुस्लिम स्त्रीला फौजदारी संहितेच्या कलम १२५ खाली पोटगी मागता येते, असे सांगणारा १० जुलै २०२४ चा अब्दुल समद निकाल घ्या. मागणी काय होती, न्यायालयाने कोणता आधार घेतला, तो आधार मूळ ग्रंथात तसाच आहे काय आणि पुढे त्या निकालाचे काय झाले, ह्या चार प्रश्नांची उत्तरे लिहा. शाहबानो निकालानंतर १९८६ चा कायदा आला आणि त्या कायद्याचा अर्थ २००१ मध्ये लावला गेला, हे कळल्यावर निम्मी भाषणे आपोआप बंद होतील. मग तुमच्या मित्राने तुमची तळटीप तपासावी आणि तुम्ही त्याची. चूक सापडली तर रागावू नका. ती छापण्यापूर्वी सापडली म्हणून आनंद माना. समजा, दोघांची मते निराळी झाली, तर दोन्ही छापा, पण दोन्हींचा आधार द्या.

पालक बंधुभगिनींनो, आपल्याकडूनही एक अपेक्षा आहे. मूल घरी येऊन ‘अब्बा, हे कुठे लिहिले आहे?’ असे विचारू लागले, तर त्यास उद्धट समजू नका. मुलीने वारशातील आपला हिस्सा किती, असे विचारले, तर विषय बदलू नका. तिच्यासमवेत पुस्तक उघडा. इस्लामी वारसाकायद्यात मुलीचा हिस्सा ठरलेला आहे, हे आपण अभिमानाने सांगतो. तो तिच्या हाती पडतो की नाही, हे पाहण्याची जबाबदारीही आपलीच आहे. पुढच्या एखाद्या साराबाई किंवा अनीसा खातूनचे भवितव्य ठरेल, तेव्हा त्या कोर्टात मूळ पान उघडणारा कोणी असेल काय, हे आज आपल्या घरात पुस्तक उघडले जाते की नाही, यावर अवलंबून आहे.